शिक्षकपदाची पात्रता : कायदा, वाद आणि न्यायनिर्णय

गावच्या प्राथमिक शाळेत नवीन शिक्षक रुजू होतात, तो दिवस गावाच्या दृष्टीने आनंदाचा असतो. सरपंच नारळ देतात, मुले हार घालतात आणि दोन वर्गांना एकच शिक्षक सांभाळीत असलेल्या शाळेस थोडा श्वास मिळतो. परंतु त्या नेमणुकीमागे अनेक कागद असतात : जाहिरात, अर्ज, गुणपत्रिका, पदविका, परीक्षेचे प्रमाणपत्र, जातीचा दाखला, निवड यादी. त्यांपैकी एखादा कागद नियमात बसत नसेल, तर त्याचा परिणाम त्याच दिवशी दिसत नाही. तो पाच, दहा किंवा पंधरा वर्षांनी दिसतो. तोवर शिक्षक प्रौढ झालेला असतो, संसार उभा राहिलेला असतो, मुलांच्या कित्येक पिढ्या त्याच्या हाताखालून गेलेल्या असतात. मग नोटीस येते आणि प्रकरण न्यायालयात जाते.

अशा वादांत एका बाजूस शिक्षकाची उपजीविका असते, तर दुसऱ्या बाजूस पात्र शिक्षकाकडून शिकण्याचा बालकाचा हक्क असतो. नियमाप्रमाणे पात्र असूनही संधी न मिळालेला तिसरा उमेदवारही असतो. न्यायालयाच्या आवारात तो प्रत्यक्ष दिसत नाही एवढेच. या तिघांचे हित कसे सांभाळावयाचे, या प्रश्नाचा न्यायालयांनी वेळोवेळी विचार केला आहे. त्या विचाराची दिशा प्रशासनातील अधिकारी, शिक्षक व पंचायत सदस्य यांना ठाऊक असेल, तर अनेक वाद उद्भवण्यापूर्वीच टाळता येतील.

पात्रता ठरविण्याचा अधिकार कोणाचा?

या विषयातील पुष्कळसा घोटाळा एका प्रश्नापाशी सुरू होतो : शिक्षकाची किमान अर्हता कोणी ठरवावयाची? पूर्वी याचे उत्तर सोपे होते. शिक्षण हा राज्यांचा विषय होता. महाराष्ट्रात जिल्हा परिषदांच्या शाळांसाठी १९६१ च्या जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियमाखालील सेवाप्रवेश नियम होते. खाजगी शाळांसाठी १९७७ चा महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम आणि त्याखालील १९८१ ची नियमावली अस्तित्वात आली. त्या नियमावलीच्या अनुसूची ‘ब’ मध्ये शिक्षकांच्या अर्हता दिलेल्या आहेत.

१९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने शिक्षण हा विषय समवर्ती सूचीत गेला. त्यानंतर संसदेने १९९३ मध्ये राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेचा अधिनियम संमत केला. २००२ च्या शहाऐंशीव्या घटनादुरुस्तीने संविधानात अनुच्छेद २१-क समाविष्ट झाला आणि सहा ते चौदा वर्षे वयाच्या बालकांचे शिक्षण हा मूलभूत हक्क ठरला. या हक्काची अंमलबजावणी करणारा बालकांचा मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम, २००९ हा १ एप्रिल २०१० पासून अमलात आला.

या अधिनियमाचे कलम २३ हे आजच्या बहुतेक वादांचे मूळ आहे. केंद्र शासनाने प्राधिकृत केलेले शैक्षणिक प्राधिकरण ज्या किमान अर्हता ठरवील, त्या असणारी व्यक्तीच शिक्षक म्हणून नेमणुकीस पात्र राहील, असे हे कलम सांगते. ३१ मार्च २०१० च्या अधिसूचनेने हे काम राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेकडे सोपविण्यात आले. याचा व्यावहारिक अर्थ असा की, पहिली ते आठवीच्या शिक्षकांबाबत राज्याला किमान अर्हतेपेक्षा अधिक अट घालता येईल. किमान पातळीच्या खाली मात्र स्वतःच्या अधिकारात उतरता येणार नाही. प्रशिक्षित उमेदवार पुरेसे नसतील तर अट शिथिल करण्याचा अधिकारही केंद्र शासनाकडे, तोही ठराविक मुदतीपुरता आणि जास्तीत जास्त पाच वर्षांसाठीच ठेवण्यात आला.

शिक्षक पात्रता परीक्षा

परिषदेने २३ ऑगस्ट २०१० रोजी अधिसूचना काढून अर्हता निश्चित केल्या. पहिली ते पाचवीसाठी बारावी उत्तीर्ण आणि प्राथमिक शिक्षणाची दोन वर्षांची पदविका, सहावी ते आठवीसाठी पदवी आणि विहित प्रशिक्षण, अशी त्यांची सर्वसाधारण रूपरेषा होती. त्याबरोबरच शिक्षक पात्रता परीक्षा उत्तीर्ण होणे आवश्यक ठरले. ११ फेब्रुवारी २०११ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार ही परीक्षा १५० गुणांची असून तीत ६० टक्के गुण मिळविणारा उमेदवार उत्तीर्ण समजला जातो. आरक्षित प्रवर्गांना काही सवलत देण्याची मुभा आहे. महाराष्ट्रात १३ फेब्रुवारी २०१३ च्या शासन निर्णयाने ही अट लागू करण्यात आली आणि त्याच वर्षी डिसेंबर महिन्यात राज्याची पहिली परीक्षा झाली. प्रारंभी या प्रमाणपत्राची वैधता सात वर्षांची होती. २०२१ मध्ये ती आजीव करण्यात आली आणि हा बदल पूर्वीच्या प्रमाणपत्रांनाही लागू झाला.

येथे एक भेद ध्यानात ठेवणे अगत्याचे आहे. ही परीक्षा पात्रतेची आहे, निवडीची नाही. ती उत्तीर्ण झाल्याने नेमणुकीचा हक्क निर्माण होत नाही. अर्ज करण्याची योग्यता प्राप्त होते. निवडीसाठी राज्यात २०१७ पासून ‘पवित्र’ ही संगणकीय प्रणाली आणि अभियोग्यता व बुद्धिमत्ता चाचणी यांची स्वतंत्र व्यवस्था आहे. हा भेद न जाणल्यामुळे ‘परीक्षा उत्तीर्ण असूनही नोकरी दिली नाही’ अशा तक्रारी पुष्कळ होतात; त्या न्यायालयात टिकत नाहीत.

वरची पदवी म्हणजे पात्रता नव्हे

पात्रतेच्या वादांतील सर्वांत जुना आणि सर्वांत गाजलेला प्रश्न असा आहे : प्राथमिक शिक्षकपदासाठी पदविका मागितली असताना बी.एड. पदवीधारकाने अर्ज केला, तर तो अधिक शिकलेला म्हणून पात्र धरावा काय?

सर्वसाधारण समजुतीने याचे उत्तर ‘का नको?’ असे येईल. न्यायालयाचे उत्तर मात्र निराळे आहे. केरळमधील प्राथमिक शिक्षकांच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्येच स्पष्ट केले की, बी.एड. ही पदविकेच्या वरची पायरी नसून तो वेगळ्या कामासाठी दिलेला वेगळा प्रशिक्षणक्रम आहे. दिल्लीतील तशाच प्रकरणात त्याच वर्षी हेच तत्त्व लागू करण्यात आले.

यामागील शैक्षणिक कारण समजून घेण्यासारखे आहे. सहा वर्षांचे मूल शाळेत येते तेव्हा त्याला अक्षर आणि ध्वनी यांचा संबंध प्रथमच जुळवावयाचा असतो. चिंचोके किंवा काड्या मांडून संख्येची कल्पना मनात उतरवावयाची असते. घरची बोली आणि पुस्तकाची भाषा यांतील अंतर ओलांडावयाचे असते. पदविकेच्या दोन वर्षांत अध्यापकाला याच गोष्टी शिकविल्या जातात. बी.एड. अभ्यासक्रमाचा मुख्य रोख माध्यमिक स्तरावरील विषयांच्या अध्यापनाकडे असतो. नववीला बीजगणित उत्तम शिकविणारा अध्यापक पहिलीच्या वर्गात चाचपडू शकतो, हा अनुभव शाळांना नवा नाही.

तरीही हा वाद पुन्हा उभा राहिला. २८ जून २०१८ च्या अधिसूचनेने परिषदेने बी.एड. पदवीधारकांना पहिली ते पाचवीच्या पदांसाठी पात्र ठरविले. नेमणुकीनंतर दोन वर्षांच्या आत सहा महिन्यांचा सेतु अभ्यासक्रम पूर्ण करावा, एवढीच अट त्यात होती. राजस्थान उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२१ मध्ये ही अधिसूचना रद्द केली आणि ११ ऑगस्ट २०२३ रोजी न्यायमूर्ती अनिरुद्ध बोस व न्यायमूर्ती सुधांशु धुलिया यांच्या पीठाने तो निर्णय कायम केला. मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क म्हणजे केवळ शाळेत बसण्याचा हक्क नव्हे, तर दर्जेदार शिक्षणाचा हक्क आहे. त्या दर्जाशी तडजोड करणारा धोरणात्मक निर्णयही न्यायालयीन तपासणीस पात्र ठरतो, असे या निर्णयाचे सार आहे.

परंतु या मधल्या पाच वर्षांत अनेक राज्यांत बी.एड. पदवीधारकांच्या नेमणुका झाल्या होत्या. त्यांनी कोणतीही लबाडी केली नव्हती. त्या काळी लागू असलेल्या अधिसूचनेवर विसंबून ते सेवेत आले होते. म्हणून ८ एप्रिल २०२४ रोजी न्यायालयाने खुलासा केला की, हा निर्णय भविष्यलक्षी राहील. ज्यांची नियमित नेमणूक ११ ऑगस्ट २०२३ पूर्वी झाली आणि ज्या जाहिरातीत बी.एड. ही विहित अर्हता होती, त्यांना संरक्षण मिळाले. ज्यांच्या नेमणुकीवर ‘न्यायालयाच्या अंतिम निर्णयास अधीन’ अशी अट होती, त्यांना मात्र ते मिळाले नाही. संरक्षित शिक्षकांसाठी २०२५ मध्ये राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्थेमार्फत सहा महिन्यांच्या सेतु अभ्यासक्रमाची सोय करण्यात आली. नेमणूक आदेशातील एका ओळीला केवढे महत्त्व असते, याचे हे बोलके उदाहरण आहे.

अर्हता कोणत्या दिवशी असावी?

दुसरा नेहमीचा वाद तारखेचा आहे. उमेदवार अर्ज करतो त्या दिवशी निकाल लागलेला नसतो. मुलाखतीपूर्वी किंवा कागदपत्र तपासणीपूर्वी निकाल लागतो. अशा उमेदवारास पात्र धरावे काय?

सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये, अभियंत्यांच्या पदांबाबतच्या एका प्रकरणात, याविषयीचा नियम पक्का केला. जाहिरातीत दिलेल्या तारखेस अर्हता असली पाहिजे. तशी तारीख दिली नसेल तर अर्ज स्वीकारण्याच्या शेवटच्या दिवशी ती असली पाहिजे. नंतर मिळविलेली अर्हता कामास येत नाही. हा नियम वरकरणी कठोर वाटतो, परंतु त्यामागे न्याय आहे. ‘माझ्याकडे आज पदविका नाही’ म्हणून ज्याने प्रामाणिकपणे अर्जच केला नाही, त्याच्यावर अन्याय होऊ नये, हा त्याचा उद्देश आहे.

याच तत्त्वाची दुसरी बाजू ७ नोव्हेंबर २०२४ रोजी घटनापीठाने मांडली. भरतीची प्रक्रिया जाहिरातीने सुरू होते आणि पदे भरली गेल्यावर संपते; या दरम्यान पात्रतेचे निकष बदलता येत नाहीत. प्रचलित नियमांत किंवा जाहिरातीत तशी तरतूद असेल तरच बदल शक्य आहे आणि तोही मनमानी असता कामा नये. तारखेचे बंधन उमेदवारावर आहे, तसे निकषांचे बंधन नेमणूक करणाऱ्यावरही आहे.

संस्थेची मान्यता

महाराष्ट्राने ऐंशीच्या दशकात अध्यापक विद्यालयांचे अमाप पीक पाहिले. त्यांपैकी काहींना मान्यता नव्हती, इमारत नव्हती आणि सरावासाठी शाळाही नव्हती. अशा विद्यालयांतील विद्यार्थ्यांना परीक्षेस बसू द्यावे, या मागणीचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. १९९२ मध्ये न्यायालयाने ती मागणी अमान्य केली. अपुऱ्या साधनांत शिकलेले शिक्षक पुढील पिढ्यांचे नुकसान करतील, म्हणून सहानुभूतीपोटी असे आदेश देता येणार नाहीत, हा त्या निर्णयाचा गाभा होता.

आता १९९३ च्या अधिनियमानुसार प्रत्येक अध्यापक प्रशिक्षण संस्थेस आणि प्रत्येक अभ्यासक्रमास परिषदेची मान्यता असावी लागते. मान्यता काढून घेतल्यानंतर त्या संस्थेतून मिळविलेली अर्हता शासकीय किंवा अनुदानित शाळेतील नोकरीसाठी ग्राह्य राहात नाही. म्हणून तपासणी करताना केवळ पदविका पाहून भागत नाही. ज्या वर्षी प्रवेश झाला त्या वर्षी, त्या अभ्यासक्रमास आणि तेवढ्या विद्यार्थिसंख्येस मान्यता होती काय, हे पाहावे लागते.

आरक्षण आणि जात प्रमाणपत्र

राखीव जागांवरील नेमणुकीत दोन प्रश्न वारंवार येतात. पहिला प्रश्न पात्रता परीक्षेतील गुणसवलतीचा आहे. सवलतीच्या गुणांनी परीक्षा उत्तीर्ण झालेला उमेदवार निवड यादीत स्वतःच्या गुणवत्तेवर वर आला, तर तो खुल्या जागेवर गणला जावा की नाही? राजस्थानातील प्रकरणात १८ ऑक्टोबर २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने असे ठरविले की, पात्रता परीक्षेतील सवलत ही निवडीतील सवलत नव्हे. ती उमेदवाराला केवळ स्पर्धेच्या उंबरठ्यापर्यंत आणते. तेव्हा केवळ त्या कारणास्तव त्याला खुल्या जागेवरून वगळता येणार नाही. बिंदुनामावली ठेवणाऱ्या अधिकाऱ्यांनी हा निर्णय आपल्या राज्याच्या नियमांबरोबर ठेवून वाचावा.

दुसरा प्रश्न अवैध ठरलेल्या जातदाव्याचा आहे. महाराष्ट्राचा २००० चा (२००१ चा महाराष्ट्र अधिनियम क्रमांक २३) कायदा सांगतो की, खोट्या दाव्यावर मिळविलेली नोकरी व इतर लाभ काढून घेतले जातील. पूर्वी दीर्घ सेवेच्या आधारे अनेकांना संरक्षण मिळत असे. ६ जुलै २०१७ च्या निर्णयात तीन न्यायाधीशांच्या पीठाने सांगितले की, दावा अवैध ठरल्यावर कायद्यातील परिणाम टाळता येणार नाहीत. कितीही वर्षे सेवा झाली असली तरी ती राखीव जागा खऱ्या हक्कदाराची होती.

सेवेत असलेल्यांचे काय?

या सर्व वादांत मनाला सर्वाधिक चटका लावणारा प्रश्न सेवेतील शिक्षकांचा आहे. उत्तर प्रदेशात गावोगाव मानधनावर नेमलेल्या शिक्षामित्रांना पुढे सहायक शिक्षक म्हणून सामावून घेण्यात आले. त्यांच्यापाशी पात्रता परीक्षेचे प्रमाणपत्र नव्हते. २५ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे समावेशन अवैध ठरविले. सुमारे १ लाख ७८ हजार व्यक्तींशी हा प्रश्न निगडित होता. राज्याला किमान अर्हता शिथिल करण्याचा अधिकारच नव्हता, हे त्यामागील कारण होते. तथापि, पुढील दोन भरतींत वयाची सवलत आणि अनुभवाचे अधिमूल्य देऊन त्यांना संधी द्यावी, असेही न्यायालयाने सुचविले.

महाराष्ट्रातील आणि तमिळनाडूतील प्रकरणांवर १ सप्टेंबर २०२५ रोजी झालेला निर्णय याहून दूरगामी आहे. न्यायमूर्ती दीपांकर दत्ता व न्यायमूर्ती ऑगस्टीन जॉर्ज मसीह यांच्या पीठापुढे प्रश्न होता तो २००९ च्या अधिनियमापूर्वी नेमलेल्या शिक्षकांचा. नेमणुकीच्या वेळी त्यांनी त्या काळचे सर्व नियम पाळले होते. पात्रता परीक्षा तेव्हा अस्तित्वातच नव्हती. न्यायालयाने ही परीक्षा सर्वांस आवश्यक असल्याचे सांगितले आणि संविधानाच्या अनुच्छेद १४२ खालील अधिकार वापरून पुढीलप्रमाणे व्यवस्था केली. ज्यांच्या सेवानिवृत्तीस पाच वर्षांहून कमी काळ उरला आहे, त्यांना परीक्षेविना सेवानिवृत्तीपर्यंत काम करता येईल. परंतु परीक्षेविना पदोन्नती मिळणार नाही. ज्यांची सेवा त्याहून अधिक उरली आहे, त्यांनी निर्णयापासून दोन वर्षांत परीक्षा उत्तीर्ण व्हावे. अन्यथा त्यांना सेवा सोडावी लागेल किंवा सक्तीने निवृत्त करून त्यांना देय असलेले लाभ दिले जातील. अल्पसंख्याक संस्थांना २००९ चा अधिनियम लागू होतो काय, हा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपविण्यात आला आणि त्याचा निकाल लागेपर्यंत त्या संस्थांतील शिक्षकांना ही व्यवस्था लागू केलेली नाही.

वीस-बावीस वर्षे शिकविलेल्या शिक्षकाला या निर्णयाने वेदना होणे स्वाभाविक आहे. आपल्या हाताखालून गेलेल्या विद्यार्थ्यांबरोबर एकाच परीक्षा केंद्रावर बसण्याचा प्रसंग त्याच्यावर येऊ शकतो. ‘मी तेव्हा पात्र होतो, मग आज अपात्र कसा?’ या त्याच्या प्रश्नात तथ्य नाही असे म्हणता येत नाही. त्याचबरोबर संसदेने २०१० पासूनच अर्हता मिळविण्यासाठी पाच वर्षांची मुदत दिली होती आणि २०१७ च्या दुरुस्तीने ३१ मार्च २०१५ रोजी सेवेत असलेल्यांना आणखी चार वर्षे दिली होती, हेही खरे आहे. न्यायालयाने सेवा एकदम खंडित न करता मुदत दिली, निवृत्तीच्या उंबरठ्यावरील शिक्षकांना सांभाळले आणि निवृत्तिलाभ राखले. हा तोल साधण्याचा प्रयत्न होय. या निर्णयाच्या पुनर्विलोकनासाठीही अर्ज झाले असल्याने संबंधितांनी पुढील आदेशांकडे लक्ष ठेवावे. मात्र त्या आशेवर अभ्यास थांबवू नये.

दाद कोठे मागावी?

खाजगी शाळेतील शिक्षकास बडतर्फ केले, सेवेतून काढले, पदावनत केले किंवा पदोन्नतीत डावलले, तर १९७७ च्या अधिनियमाच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणाकडे तीस दिवसांच्या आत अपील करता येते. पुरेसे कारण असल्यास विलंब क्षमापित होऊ शकतो. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांस हे न्यायाधिकरण उपलब्ध नाही. त्यांना विभागीय अपिलानंतर उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली याचिका करता येते.

येथेही पात्रतेचा प्रश्न आडवा येतो. कलम ५ प्रमाणे स्पष्ट व कायम रिक्त पदावर, विहित अर्हता असलेल्या व्यक्तीची विधिवत नेमणूक झाली असेल, तरच परिवीक्षेनंतर कायमपणाचा लाभ मिळतो. तात्पुरत्या आदेशावर कितीही काळ लोटला तरी आपोआप कायमपणा येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये महाराष्ट्रातीलच एका शिक्षणसंस्थेच्या प्रकरणात ठरविले. १० एप्रिल २००६ च्या घटनापीठाच्या निर्णयाने अनियमित नेमणूक आणि अवैध नेमणूक यांतील फरकही अधोरेखित केला. कार्यपद्धतीतील किरकोळ दोष दुरुस्त होऊ शकतो. मूळ अर्हतेचा अभाव हा दोष दुरुस्त होण्यासारखा नसतो.

प्रत्येकाचे कर्तव्य

या निर्णयांचा एकत्रित विचार केला असता एक गोष्ट ठळकपणे दिसते. बहुतेक वादांचे मूळ शिक्षकाच्या हेतूत नसून पहिल्या दिवसाच्या तपासणीत आहे. म्हणून पुढील दक्षता उपयुक्त ठरतील.

गटशिक्षणाधिकारी व शिक्षणाधिकारी यांनी जाहिरातीत अर्हता, तिची तारीख आणि समकक्षतेविषयीचा नियम निःसंदिग्ध शब्दांत द्यावा. कागदपत्रांची पडताळणी नेमणूक आदेशापूर्वी मूळ संस्थेकडून व परीक्षा परिषदेकडून करून घ्यावी. पात्रता परीक्षेतील गैरप्रकार २०२१ मध्ये उघडकीस आले, तेव्हा केवळ छापील प्रमाणपत्रावर विसंबणे किती धोक्याचे आहे हे राज्याने अनुभवले आहे. पश्चिम बंगालमध्ये तर निवड प्रक्रियाच दूषित ठरल्याने ३ एप्रिल २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने २५ हजार ७५३ नेमणुका रद्द झाल्याचा निर्णय कायम केला. काही दोषींबरोबर असंख्य निर्दोष व्यक्तींनाही त्याची झळ पोचली. आदेश न्यायालयीन निर्णयास अधीन असल्यास तसे उमेदवाराला समजेल अशा भाषेत नमूद करावे.

शिक्षकांनी आपल्या अर्हतेची कागदपत्रे सेवापुस्तकात नोंदवून घ्यावीत आणि त्यांची एक प्रत स्वतःपाशी ठेवावी. नेमणूक आदेशातील अटी वाचल्याखेरीज स्वाक्षरी करू नये. नवीन अर्हतेची मुदत जाहीर झाल्यास ती वाढेल या भरवशावर राहू नये. नोटीस आल्यास तिला लेखी उत्तर द्यावे आणि अपिलाची मुदत चुकवू नये. मुख्याध्यापकांनी ज्येष्ठ सहकाऱ्यांना परीक्षेच्या अभ्यासासाठी मोकळीक व आधार दिला, तर अनेकांचे दडपण कमी होईल.

पंचायत सदस्य आणि शाळा व्यवस्थापन समिती यांना नेमणुकीचा अधिकार नाही, परंतु पाहण्याचा व विचारण्याचा अधिकार आहे. समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असतात. २००९ च्या अधिनियमाच्या कलम २६ प्रमाणे शाळेतील रिक्त पदे मंजूर पदांच्या दहा टक्क्यांपेक्षा अधिक असता कामा नयेत. न्यायालयीन स्थगितीमुळे पद अडकले असेल, तर दरम्यानच्या काळात मुलांची सोय कशी होणार, याची लेखी विचारणा समितीने करावी. गावातील एखाद्या होतकरू तरुणास केवळ ओळखीपोटी शाळेत घ्यावे, असा आग्रह मात्र सदस्यांनी धरू नये. त्या आग्रहाचे पर्यवसान त्याच तरुणाच्या पुढील आयुष्यात खटल्यात होण्याचा संभव असतो.

पात्रतेचा नियम शिक्षकाला अडविण्यासाठी नसून वर्गातील शेवटच्या बाकावरील मुलासाठी आहे. त्या मुलाला वकील नसतो, त्याची याचिका नसते आणि खटला निकालात निघेपर्यंत त्याचे पहिलीचे वर्ष थांबूनही राहात नाही. नेमणुकीच्या पहिल्या दिवशी एक तास अधिक देऊन कागद नीट तपासले, तर त्या मुलाचे वर्ष वाचते आणि शिक्षकाच्या पंधरा वर्षांच्या सेवेवरील टांगती तलवारही दूर होते.